कारंजा कापूस बाजार ते सेबी : बाजार-नियमनाच्या कायद्याचा इतिहास आणि वाशीम जिल्हा

प्रस्तावना

भारतातील रोखे बाजाराच्या कायद्याचा इतिहास सांगताना सामान्यतः मुंबईच्या दलाल स्ट्रीटपासून सुरुवात केली जाते. इ.स. १८७५ मध्ये स्थापन झालेली शेअर दलालांची संघटना, १९२५ चा मुंबई प्रांताचा कायदा, १९५६ चा केंद्रीय कायदा आणि १९९२ चा सेबी कायदा हे त्या इतिहासाचे परिचित टप्पे होत. मात्र परवानाधारक मध्यस्थ, ठरलेली जागा, खात्रीचे वजन आणि नियमभंगास दंड या ज्या तत्त्वांवर आजचे बाजार-नियमन उभे आहे, त्यांचा प्रयोग दलाल स्ट्रीटवर कायदा येण्यापूर्वी वऱ्हाडच्या कापूस बाजारात झालेला होता. १८८६ मध्ये हैदराबाद रेसिडेन्सीच्या आदेशान्वये कारंजा येथील कापूस बाजार नियंत्रित करण्यात आला. देशातील पहिला नियंत्रित बाजार म्हणून त्याचा उल्लेख केला जातो. हे कारंजा लाड आज वाशीम जिल्ह्यातील एक तालुक्याचे ठिकाण आहे.

कारंज्याचा कापूस बाजार आणि मुंबईचा शेअर बाजार यांचे कायदे जवळजवळ सव्वाशे वर्षे वेगवेगळ्या वाटांनी गेले आणि २०१५ मध्ये त्यांची एक वाट सेबीच्या दारात येऊन मिळाली. प्रस्तुत निबंधात या दोन वाटांचा ऐतिहासिक आढावा घेऊन, बाजाराचे नियमन कोणाच्या गरजेतून जन्मास आले आणि त्याचे संरक्षण प्रत्यक्षात कोणाच्या वाट्यास आले, या प्रश्नाचा विचार केला आहे.

वऱ्हाडचा कापूस आणि मुंबईचे शेअर

१८५३ च्या तहाने निजामाने वऱ्हाड प्रांत इंग्रजांच्या प्रशासनाखाली दिला. पुढील दशकात, १८६१ ते १८६५ या काळात, अमेरिकेत यादवी युद्ध झाले. तेथील दक्षिणेकडील राज्यांतून लँकेशायरच्या गिरण्यांना मिळणारा कापूस थांबला आणि मँचेस्टरच्या व्यापाऱ्यांचे लक्ष हिंदुस्थानकडे, विशेषतः खानदेश, गुजरात आणि वऱ्हाडकडे वळले. याच दशकात ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वेचा मार्ग वऱ्हाडातून जाऊन १८६७ मध्ये नागपूरला पोहोचला. काळ्या कसदार जमिनीतील कापूस मुंबई बंदरास जोडला गेला.

कापसाच्या या तेजीतून मुंबईत जो पैसा आला, त्यातूनच शेअरचा पहिला मोठा सट्टा उभा राहिला. नव्या बँका, वित्तसंस्था आणि समुद्र हटवून जमीन मिळविण्याच्या कंपन्या निघाल्या. बॅकबे रेक्लमेशन कंपनीचे शेअर हे त्या उन्मादाचे प्रतीक ठरले, तर प्रेमचंद रायचंद हे त्यातील सर्वांत प्रसिद्ध नाव होते. १८६५ च्या वसंतात अमेरिकेतील युद्ध संपले, कापसाचे भाव कोसळले आणि मुदतीच्या सौद्यांची पूर्तता करण्याची वेळ आली तेव्हा असंख्य व्यापारी नादार झाले. बँक ऑफ बॉम्बेही या धक्क्यातून सावरली नाही. यातून दहा वर्षांनी, १८७५ मध्ये, दलालांनी आपली संघटना स्थापन केली, तीच पुढे मुंबई शेअर बाजार म्हणून ओळखली गेली. योगायोगाने त्याच वर्षी बॉम्बे कॉटन ट्रेड असोसिएशनची स्थापना होऊन देशात कापसाच्या संघटित वायदेव्यापारास आरंभ झाला.

यावरून असे दिसते की, भारतीय शेअर बाजार आणि कापसाचा वायदा बाजार ही एकाच भांडवलाची अपत्ये होत. परंतु या दोन्ही ठिकाणी सरकारने तूर्त हस्तक्षेप केला नाही. व्यापाऱ्यांनी आपले नियम आपण करावेत, हीच तत्कालीन भूमिका होती. सरकारचा हात पडला तो साखळीच्या दुसऱ्या टोकाला, म्हणजे जेथे शेतकऱ्याची बैलगाडी उभी राहत असे त्या बाजारात.

कारंजा, १८८६ आणि १८९७ चा कायदा

हस्तक्षेपाचे कारण शेतकऱ्याचे हित हे नव्हते. हिंदी कापसात भेसळ होते, त्यात पाणी, माती व सरकी मिसळली जाते आणि वेगवेगळ्या प्रतीचा माल एकत्र बांधला जातो, अशी इंग्लंडमधील गिरणीमालकांची तक्रार होती. मुंबई सरकारने १८६३ मध्येच कापसातील फसवणुकीविरुद्ध कायदा केला होता. शुद्ध कापूस, वाजवी भावात आणि नियमितपणे मिळावा, ही मँचेस्टरची गरज होती. कारंज्याच्या बाजाराचे नियंत्रण या गरजेच्या पार्श्वभूमीवर समजून घ्यावे लागते.

कारंज्याच्या बाबतीत 'कायदा' न होता 'आदेश' का निघाला, हेही लक्षात घेण्यासारखे आहे. वऱ्हाडवर निजामाचे नाममात्र स्वामित्व कायम असल्याने हा प्रदेश कायद्याच्या दृष्टीने ब्रिटिश हिंदुस्थानचा भाग नव्हता. तेथील कारभार हैदराबादच्या रेसिडेंटमार्फत चाले आणि ब्रिटिश हिंदुस्थानचे कायदे तेथे आपोआप लागू होत नसत. त्यामुळे विधिमंडळाची दीर्घ प्रक्रिया टाळून नवा प्रयोग करणे प्रशासनाला सोपे गेले. भारतातील बाजार-नियमनाची पहिली पायरी अशा प्रकारे एका संदिग्ध सार्वभौमत्वाच्या प्रदेशात घातली गेली.

या अनुभवावर आधारित 'वऱ्हाड कापूस व धान्य बाजार कायदा' १८९७ मध्ये करण्यात आला. कोणतेही ठिकाण बाजार म्हणून जाहीर करण्याचा अधिकार, बाजारावर देखरेख करणारी समिती, दलाल व मापारी यांना परवाने, वजनमापांचे नियमन, बाजार शुल्काची आकारणी, अनधिकृत बाजारास मनाई आणि नियमभंगास दंड ही त्याची मुख्य अंगे होती. तत्कालीन व्यवहारात शेतकऱ्याचा माल विकला जाताना कडती, तोलाई, हमाली, अडत, धर्मादाय अशा नाना नावांनी कपात होत असे. देशातील अनेक बाजारांत 'हत्ता' पद्धतीने भाव ठरे. रुमालाखाली बोटांच्या खुणांनी अडत्या व खरेदीदार यांच्यात सौदा होई आणि ज्याचा माल तो शेतकरीच भावाविषयी अंधारात राही. अशा व्यवहारांच्या तुलनेत लिखित नियमांचा बाजार हे मोठे पाऊल होते, हे मान्य करावे लागते.

मात्र या कायद्याची मर्यादाही तितकीच स्पष्ट आहे. बाजार समितीत प्राबल्य व्यापाऱ्यांचे होते. कापूस पिकविणाऱ्यास तेथे स्थान नव्हते. लॉर्ड लिनलिथगो यांच्या अध्यक्षतेखालील शाही कृषी आयोगाने १९२८ च्या अहवालात नियंत्रित बाजारांच्या प्रसाराची शिफारस केली, तथापि वऱ्हाडच्या पद्धतीतील नेमका हा दोषही दाखवून दिला. त्याआधी १९२७ च्या मुंबई कापूस बाजार कायद्याने समितीत उत्पादकांना प्रतिनिधित्व देण्याचे तत्त्व स्वीकारले होते. मध्य प्रांत व वऱ्हाडसाठी १९३२ मध्ये कापूस बाजाराचा आणि १९३५ मध्ये शेतमाल बाजाराचा कायदा झाला. महाराष्ट्र राज्याच्या स्थापनेनंतर १९६३ च्या कृषी उत्पन्न पणन अधिनियमाने राज्यातील बाजार समित्यांना एकच चौकट मिळाली. कारंज्याच्या बाजारापासून निघालेली ही पहिली वाट प्रांताच्या आणि पुढे राज्याच्या कक्षेतच राहिली.

रोख्यांच्या कायद्याची वाटचाल : प्रांताकडून केंद्राकडे

शेअर बाजाराच्या बाबतीत सरकारचा हस्तक्षेप पहिल्या महायुद्धानंतरच्या सट्टेबाजीमुळे अटळ झाला. ॲटले समितीच्या चौकशीनंतर 'मुंबई रोखे करार नियंत्रण कायदा, १९२५' संमत झाला आणि १९२७ मध्ये मुंबई शेअर बाजारास त्याखाली मान्यता मिळाली. हा कायदा प्रांतिक होता. मान्यताप्राप्त बाजाराबाहेर होणाऱ्या व्यवहारांना आळा घालण्यात तो अपुरा पडला.

अमेरिकेतील अनुभव याच्याशी ताडून पाहण्यासारखा आहे. तेथेही रोख्यांचा पहिला सर्वंकष कायदा केंद्राने केला नाही. १९११ मध्ये कॅन्सस या शेतीप्रधान राज्याने तो केला. बाहेरून येणारे विक्रेते शेतकऱ्यांना आणि छोट्या गुंतवणूकदारांना पोकळ कंपन्यांचे शेअर विकत, ही त्यामागची तक्रार होती. 'निळ्या आभाळाचे तुकडे' विकणाऱ्यांविरुद्धचे म्हणून हे कायदे त्याच नावाने ओळखले गेले. परंतु रोखे राज्याच्या सीमा ओलांडत आणि राज्याचा कायदा सीमेवर थांबे. १९२९ च्या महामंदीनंतर अमेरिकी संघराज्याने १९३३ मध्ये रोख्यांच्या विक्रीचा आणि १९३४ मध्ये रोखे बाजाराचा असे दोन कायदे केले आणि त्यांच्या अंमलबजावणीसाठी स्वतंत्र आयोग नेमला. रोखे विकणाऱ्याने संपूर्ण व सत्य माहिती जाहीर केली पाहिजे, हे त्या कायद्यांचे मूलतत्त्व होते. गुंतवणुकीचा निर्णय चांगला की वाईट हे सरकार ठरविणार नाही, पण निर्णयासाठी लागणारी माहिती दडविता येणार नाही, असा त्याचा अर्थ होता.

भारताने वेगळा मार्ग धरला. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात, १९४३ मध्ये, भांडवल उभारणीवर सरकारी नियंत्रण आले आणि १९४७ च्या कायद्याने ते कायम झाले. कंपनीने किती भांडवल उभारावे आणि शेअर कोणत्या किमतीस विकावा, हे सरकार ठरवू लागले. गोरवाला समितीच्या शिफारशींवर आधारलेला 'रोखे करार (नियमन) कायदा, १९५६' फेब्रुवारी १९५७ पासून अमलात आला आणि शेअर बाजार पूर्णपणे केंद्राच्या अधीन झाले. १९८८ मध्ये सेबीची स्थापना झाली, परंतु तिला वैधानिक अधिकार मिळाले ते १९९२ मध्ये. त्याच वर्षी भांडवल उभारणीवरील नियंत्रणाचा कायदा रद्द झाला आणि त्याच वर्षी बँकांच्या रोख्यांतील व शेअर बाजारातील मोठा घोटाळाही उघडकीस आला. सरकारच्या परवानगीऐवजी माहितीच्या प्रकटीकरणावर भर देणारी पद्धती भारताने तेव्हापासून स्वीकारली.

संविधानातील विभागणी

या दोन वाटांना संविधानाने १९५० मध्ये वेगवेगळे धनी दिले. सातव्या अनुसूचीतील राज्यसूचीच्या २८ व्या नोंदीत 'बाजार आणि जत्रा' हा विषय आहे, तर संघसूचीच्या ४८ व्या नोंदीत 'शेअर बाजार आणि वायदे बाजार' हे विषय आहेत. याचा व्यावहारिक अर्थ असा की, कारंज्याच्या आवारात आज विकला जाणारा कापूस राज्याच्या कायद्याखाली येतो, तर त्याच कापसाचा तीन महिन्यांनंतरचा भाव ठरविणारा सौदा केंद्राच्या कायद्याखाली येतो.

केंद्राने या अधिकारात 'वायदे करार (नियमन) कायदा, १९५२' केला आणि १९५३ मध्ये वायदे बाजार आयोग स्थापन झाला. १९६० च्या दशकात टंचाई व भाववाढीमुळे बहुतेक शेतमालाच्या वायद्यांवर बंदी आली आणि ती दीर्घकाळ टिकली. महाराष्ट्रात १९७१ च्या कायद्यानुसार कापूस एकाधिकार खरेदी योजना सुरू झाल्यावर तर वऱ्हाडातील कापूस उत्पादकाच्या दृष्टीने खुला बाजारच उरला नाही. २००३ मध्ये केंद्राने शेतमालाच्या वायद्यांवरील निर्बंध मोठ्या प्रमाणावर उठविले आणि राष्ट्रीय पातळीवरील संगणकीकृत वस्तू बाजार अस्तित्वात आले. एकाधिकार खरेदीही याच सुमारास व्यवहारतः संपुष्टात आली.

दोन सूचींमधील फट

हजर माल राज्याकडे आणि वायदा केंद्राकडे ही विभागणी कागदावर स्पष्ट असली, तरी व्यवहार नेहमी तिचा आदर करतोच असे नाही. नॅशनल स्पॉट एक्स्चेंज लिमिटेड या हजर मालाच्या संगणकीय बाजाराचे प्रकरण याचे ठळक उदाहरण होय. जून २००७ मध्ये केंद्र सरकारने एका दिवसाच्या मुदतीच्या सौद्यांना वायदे कायद्यातून काही अटींवर सूट दिली होती. या बाजारात मात्र एकाच वेळी दोन जोडसौदे केले जात. गुंतवणूकदार माल थोड्या मुदतीने खरेदी करी आणि तोच माल अधिक मुदतीने विकून टाकी. दोन भावांतील फरक हा त्याचा ठरलेला परतावा असे. नावाने तो हजर मालाचा व्यवहार होता, परंतु स्वरूपाने मालाच्या तारणावर व्याजाने पैसे देण्यासारखा होता. ३१ जुलै २०१३ रोजी या बाजारातील व्यवहार थांबविण्यात आले, तेव्हा सुमारे १३,००० गुंतवणूकदारांचे सुमारे ५,६०० कोटी रुपये अडकलेले होते आणि गोदामांत अपेक्षित माल नव्हता.

या घटनेतून दोन परिणाम झाले. पहिला परिणाम नियामकांच्या रचनेत दिसतो. वायदे बाजार आयोग सप्टेंबर २०१५ मध्ये सेबीत विलीन करण्यात आला, १९५२ चा कायदा रद्द झाला आणि वस्तूंवरील वायद्यांचा समावेश १९५६ च्या रोखे कायद्यात करण्यात आला. कापसाचा वायदा त्यामुळे कायद्याच्या भाषेत 'रोखा' ठरला. अमेरिकेत रोखे आणि वस्तुवायदे यांचे नियामक वेगळे आहेत. भारताने ते एकत्र आणले.

दुसरा परिणाम संघराज्याच्या दृष्टीने अधिक महत्त्वाचा आहे. महाराष्ट्राने १९९९ मध्ये वित्तीय संस्थांमधील ठेवीदारांच्या हितसंबंधांचे संरक्षण करणारा कायदा केला होता. ठेवी बुडविणाऱ्या संस्थेची मालमत्ता जप्त करणे आणि तिच्या विक्रीतून ठेवीदारांचे पैसे परत करणे हा त्याचा हेतू आहे. त्यासाठी किमान उपजिल्हाधिकारी दर्जाचा सक्षम प्राधिकारी आणि विशेष न्यायालय यांची तरतूद आहे. हा विषय केंद्राच्या अखत्यारीतील असल्याचे सांगून मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्ण पीठाने २००५ मध्ये तो घटनाबाह्य ठरविला. तमिळनाडूच्या अशाच कायद्यासंबंधीच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये हे मत अमान्य केले. पुढे नॅशनल स्पॉट एक्स्चेंजच्या प्रकरणात, एप्रिल २०२२ मध्ये, ही संस्था राज्याच्या कायद्यानुसार 'वित्तीय संस्था' ठरते आणि तिच्याकडे आलेला पैसा 'ठेव' ठरतो, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने दिला. बाजाराचे नियमन केंद्राचे असले, तरी आपल्या प्रदेशातील फसवल्या गेलेल्या सामान्य माणसाला पैसे परत मिळवून देण्याचा राज्याचा अधिकार त्यामुळे शाबीत झाला. जिल्ह्याच्या ठिकाणी राहणाऱ्या ठेवीदारासाठी या निर्णयाचे मोल मोठे आहे, कारण त्याला मुंबईच्या नियामकापेक्षा जिल्ह्यातील महसूल अधिकारी अधिक जवळचा असतो.

वायदा आणि वाशीमचा शेतकरी

१ जुलै १९९८ रोजी अकोला जिल्ह्याचे विभाजन होऊन वाशीम, मालेगाव, रिसोड, मंगरुळपीर, मानोरा आणि कारंजा या सहा तालुक्यांचा वाशीम जिल्हा अस्तित्वात आला. २००६ मध्ये शेतकरी आत्महत्यांच्या पार्श्वभूमीवर केंद्र सरकारने विदर्भातील ज्या सहा जिल्ह्यांसाठी मदत योजना जाहीर केली, त्यांत वाशीमचा समावेश होता. येथील कोरडवाहू शेतीत गेल्या काही दशकांत कापसाची जागा मोठ्या प्रमाणावर सोयाबीनने घेतली असून तूर हे महत्त्वाचे जोडपीक आहे. वायद्यांसंबंधीचे केंद्राचे निर्णय या पिकांना थेट स्पर्श करणारे ठरले. जानेवारी २००७ मध्ये तूर व उडदाच्या वायद्यांवर बंदी आली. वायद्यांमुळे भाववाढ होते काय, याचा अभ्यास करणाऱ्या अभिजित सेन समितीला २००८ मध्ये उपलब्ध आकडेवारीवरून निश्चित निष्कर्ष काढता आला नाही. डिसेंबर २०२१ मध्ये सेबीने केंद्राच्या निर्देशावरून सोयाबीनसह सात शेतमालांचे वायदे वर्षभरासाठी स्थगित केले आणि ही स्थगिती नंतर वेळोवेळी वाढविण्यात आली.

या निर्णयांमागे ग्राहकासाठी भाव आटोक्यात ठेवण्याचा हेतू होता. परंतु पेरणीच्या वेळी काढणीच्या हंगामातील भावाचा अंदाज घेण्याचे एक साधन त्यामुळे बंद झाले, ही दुसरी बाजूही नोंदविली पाहिजे. अर्थात ते साधन वाशीमच्या लहान शेतकऱ्याच्या हाती प्रत्यक्षात कितपत होते, हा प्रश्न उरतोच. वायद्याचा किमान सौदा कित्येक टनांचा असतो, त्यासाठी अनामत भरावी लागते आणि भाव विरुद्ध गेल्यास तिच्यात रोजच्या रोज भर घालावी लागते. दोन-चार एकरांच्या धारकाला हे झेपणारे नाही. २००२ च्या दुरुस्तीने कंपनी कायद्यात आलेल्या उत्पादक कंपन्यांमार्फत अनेक शेतकऱ्यांचा माल एकत्र करून या बाजारात उतरणे शक्य आहे, मात्र त्यासाठी वायदे सातत्याने चालू राहतील याची शाश्वती असावी लागते.

हजर बाजाराच्या बाजूलाही केंद्र व राज्य यांच्यातील ताण दिसून आला. २०२० मध्ये केंद्राने समवर्ती सूचीतील अधिकाराचा आधार घेऊन बाजार समितीच्या आवाराबाहेरील शेतमाल व्यापार खुला करणारा कायदा केला. तीव्र आंदोलनानंतर, २०२१ च्या अखेरीस, तो मागे घेण्यात आला. ज्या नोंदींच्या आधारे १९५० मध्ये विभागणी झाली, त्यांचा अर्थ सत्तर वर्षांनंतरही वादाचा विषय राहिला आहे, हे यातून स्पष्ट होते.

निष्कर्ष

वरील विवेचनावरून पुढील बाबी स्पष्ट होतात. एक, भारतातील बाजार-नियमनाची मूलतत्त्वे रोख्यांच्या कायद्यापूर्वी कापसाच्या बाजारात आकारास आली आणि त्या इतिहासात कारंज्याचे स्थान आरंभबिंदूचे आहे. दोन, शेतमालाचा हजर बाजार राज्याकडे आणि रोखे व वायदे केंद्राकडे ही विभागणी संविधानाने केली. परंतु फसवणूक घडते ती बहुधा या दोन अधिकारक्षेत्रांच्या सीमेवर. २०१३ च्या घटनेने ही सीमा उघडी पाडली, तर २०१५ चे विलीनीकरण आणि २०२२ चा न्यायनिर्णय हे ती बुजविण्याचे प्रयत्न होत. तीन, ज्याच्या तक्रारीतून नियम जन्मतो, त्याचेच संरक्षण तो प्रथम करतो. १८८६ ची तक्रार मँचेस्टरच्या गिरणीमालकाची होती, १९२५ ची मुंबईच्या गुंतवणूकदाराची, २०१३ ची स्पॉट एक्स्चेंजमध्ये पैसे गुंतविणाऱ्याची आणि २०२१ ची महागाईने त्रस्त ग्राहकाची. कापूस व सोयाबीन पिकविणाऱ्याची तक्रार या मालिकेत अद्याप केंद्रस्थानी आलेली नाही.

बाजार समितीत उत्पादकाला जागा मिळण्यास वऱ्हाडात १८९७ नंतर कित्येक वर्षे लागली. वायद्याच्या नियमनात त्याला ती अजून मिळायची आहे. कारंज्याच्या बाजाराचा इतिहास आज अभ्यासण्याचे प्रयोजन यातच आहे.